ब्लूबेरी आणि बांधावरचे जांभूळ

परवा करमाडच्या दवाखान्यात एक आजी आल्या. पिशवीतून त्यांनी प्लास्टिकची छोटी डबी काढून टेबलावर ठेवली. आत काळसर निळी, वाटाण्याहून थोडी मोठी फळे. मुलगा पुण्याला नोकरीला आहे, त्याने अडीचशे रुपये देऊन धाडलेली ब्लूबेरी! "साहेब, हिनं साखर उतरती म्हणं. खाऊ का?" आजींचा प्रश्न.

खा म्हटले, पण गोळीच्या ऐवजी नको. आणि संपली की पुन्हा मागवू नका.

ब्लूबेरी हे मूळचे उत्तर अमेरिकेतील झुडूप. त्याला आम्लधर्मी जमीन लागते, आपल्या काळ्या रानात ते सहजासहजी तग धरणार नाही. फळ चांगले आहे, यात वाद नाही. त्याला निळा रंग देणारी अँथोसायनिन नावाची द्रव्ये रक्तवाहिन्यांना उपकारक असावीत, असे संशोधन सांगते. इंग्लंडमधील ईस्ट अँग्लिया विद्यापीठाची एक चाचणी 2019 साली प्रसिद्ध झाली. लठ्ठपणा, रक्तदाब यांचा त्रास असलेल्यांना सहा महिने रोज 150 ग्रॅम ब्लूबेरीइतकी भुकटी दिली. रक्तवाहिन्यांचे काम थोडे सुधारले. परंतु इन्सुलिनला शरीर दाद देत नाही, तो मूळ दोष मात्र तसाच राहिला.

आता आपले जांभूळ पाहा. दोन्ही झाडांचे कूळ वेगळे. जांभूळ हे पेरू, लवंग यांचे भाऊबंद. पण जांभूळ खाल्ल्यावर जीभ जांभळी करणारा रंग त्याच अँथोसायनिनचा. उष्मांकही जवळपास सारखेच, 100 ग्रॅमला सुमारे साठ कॅलरी. संकल्पात आपण ज्या जंबुद्वीपाचा उच्चार करतो, ते नाव याच झाडावरून आले. पालघर जिल्ह्यातील बहाडोलीच्या जांभळाला 2023 साली भौगोलिक मानांकनही मिळाले. आपल्याकडे मात्र ओढ्याकाठची, बांधावरची झाडे तुटत चालली, आणि आपण डबीतल्या परदेशी फळामागे धावतो आहोत.

आयुर्वेदाने जांभळाची साल आणि बी अतिसारात व मधुमेहात सांगितली आहे. तुरटपणामुळे सालीच्या काढ्याच्या गुळण्या हिरड्यांना बऱ्या वाटतात, हा अनेकांचा अनुभव. बियांच्या भुकटीने काही छोट्या चाचण्यांत साखर थोडी उतरलेली दिसली. उलट ब्राझीलमधील डॉक्टरांनी जांभळाच्या पानांचा चहा मधुमेही रुग्णांना देऊन पाहिला, तेव्हा साखरेवर काहीच परिणाम झाला नाही. तेव्हा या पुडीला पूरक म्हणा, औषध म्हणू नका.

हे मी इतक्या आग्रहाने का लिहितो, त्याला कारण आहे. माझे एक जुने रुग्ण, साठीतले शेतकरी. कोणीतरी सांगितले म्हणून त्यांनी गोळ्या बंद केल्या आणि चार महिने जांभळाच्या बियांची पूड घेतली. मधे एकदा खोकल्यासाठी दवाखान्यात येऊन गेले. "बाबा, साखरेची गोळी चालू आहे ना?" एवढे विचारायचे मी गर्दीत राहून गेलो. पुढे नांगरटीच्या दिवसांत पायाला ढेकूळ लागले, जखम चिघळली आणि आले तेव्हा साखर चारशेच्या वर. पाय वाचला, पण एक बोट गेले. दोष जांभळाचा नव्हता. दोष पुडीवर टाकलेल्या भाराचा होता, आणि थोडा माझाही. तेव्हापासून मी प्रत्येक मधुमेही रुग्णाला विचारतो : "घरी आणखी काय घेता?" वाचकहो, डॉक्टरांनी विचारले नाही, तरी तुम्ही आपणहून सांगा. लपवू नका. गोळ्यांसोबत अशी पूड घेताना एखाद्याची साखर प्रमाणाबाहेर उतरूही शकते.

2023 साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीनुसार देशात दहा कोटींहून अधिक मधुमेही आहेत. त्यांतल्या पुष्कळांना आपला आजार ठाऊकही नसतो. तिशी ओलांडलेल्यांची साखर सरकारी आरोग्य केंद्रात मोफत तपासतात. ती एकदा तपासून घ्या. उपाशीपोटी 126 किंवा त्याहून जास्त आली, तर पुन्हा तपासा आणि उपचार सुरू करा.

आणि पावसाच्या तोंडावर जांभळे आली की जरूर खा. दहा-पंधरा पुरेत, जेवणानंतर, धुऊन. मीठ थोडेच लावा. रक्तदाब असेल तर मुळीच नको. सरबत करून साखर घातलीत, तर सगळा लाभ पाण्यात. बी फेकू नका, बांधावर लावा. नातवंडे फळे खातील.

गोळी मात्र वेळच्या वेळी घ्या.