भूक आणि आळस

‘आधीं पोटोबा, मग विठोबा’ ही म्हण आपण थट्टेनें वापरतों. पण तींत शरीरशास्त्राचें मोठें सत्य आहे. मेंदूच्या तळाशीं बदामाएवढा एक भाग असतो. त्यास हायपोथॅलॅमस म्हणतात. पोट रिकामें झालें कीं जठरांतून घ्रेलिन नांवाचें द्रव्य रक्तावाटे तेथें निरोप पोंचवितें; मग चित्त दुसऱ्या विषयांत रमणें कठीण. ह्या भागांतील भुकेचें केंद्र डॉ. बालकृष्ण आनंद ह्या भारतीय शास्त्रज्ञानें ब्रोबेक ह्यांच्यासह १९५१ सालीं दाखविलें. तें नष्ट होतांच उंदरांनीं समोरील अन्नासहि तोंड लावलें नाहीं. इच्छा व उत्साह जागविणाऱ्या मज्जातंतूंशींहि ह्याच केंद्राचा संबंध आहे.

मग वर्गांत पेंगणाऱ्या उपाशी मुलास आळशी म्हणणें न्याय्य काय? नर्मदाकाठच्या मणिबेलीचीं घरें व शेतें १९९३ सालापासून सरदार सरोवराच्या पाण्यांत गेलीं. शेत गेलें कीं ताटांतील भाकरहि जाते. अशा घरचें मूल रित्या पोटीं पाटी घेऊन बसलें, तर त्याचा मेंदू आपलें पहिलें कर्तव्यच करीत असतो. तें केंद्र छडीनें नव्हे, भाकरीनें शांत होतें.

कोणी म्हणतील, गरिबींतूनहि विद्वान निपजले. खरें; पण ते उपासामुळें नव्हे, उपास सोसूनहि निपजले. १९९५ सालीं देशांत सुरू झालेली शालेय आहाराची योजना म्हणूनच आम्ही उपकार मानीत नाहीं. तो दिवसाचा पहिला पाठ होय. प्रभूनें शिकविलेल्या प्रार्थनेंतहि रोजच्या भाकरीची मागणी पापक्षमेच्या आधीं येते. पालकांनीं मुलांस उपाशी धाडूं नये, आणि विद्यार्थ्यांनीं शेजाऱ्याचा डबा रिकामा दिसल्यास आपला पुढें करावा, एवढीच आमची विनंती आहे.