एक नट, तीन पिते

तैवानच्या चित्रसृष्टींतील एका नटाचा परिचय आज वाचकांस करून द्यावयाचा आहे. सिहुंग लुंग हें त्यांचें नांव. १९३० सालीं चीनमध्यें जन्मलेले हे गृहस्थ सैन्याबरोबर तैवान बेटावर आले, सैनिकांच्या नाट्यपथकांत नट झाले आणि पुढें दूरचित्रवाणीवरही वावरले. परंतु जगभर नांव झालें तें साठी उलटल्यावर. दिग्दर्शक अँग ली ह्यांनीं आपल्या पहिल्या तीन चित्रपटांत त्यांस वडिलांची भूमिका दिली.

भूमिका पित्याचीच, पण माणसें तीन निराळीं. 'पुशिंग हँड्स' (१९९१) मध्यें बीजिंगहून अमेरिकेंत मुलाकडे राहावयास आलेला ताइ-चीचा आचार्य. सुनेची भाषा ह्याला येत नाहीं, ह्याची तिला येत नाहीं. एका घरांत दोन मुकीं माणसें! ह्या भूमिकेस तैवानचें 'गोल्डन हॉर्स' पारितोषिक मिळालें. 'द वेडिंग बँक्वेट' (१९९३) मध्यें निवृत्त सेनाधिकारी. मुलाचें प्रेम एका पुरुषावर असून लग्न केवळ देखाव्याचें आहे, हें त्यानें ओळखलें आहे. पण मुलापाशीं तो अवाक्षर काढीत नाहीं. 'ईट ड्रिंक मॅन वुमन' (१९९४) मध्यें तैपेईंतील नामांकित आचारी, तीन मुलींचा विधुर बाप. दर रविवारीं पक्वान्नांचा थाट मांडतो, आणि त्याच्याच जिभेची चव गेलेली! अखेरीस मधल्या मुलीच्या हातचें सूप चाखतांना ती परत येते.

आपल्या नाट्यशास्त्रांत आंगिक, वाचिक, आहार्य व सात्त्विक असे अभिनयाचे चार प्रकार सांगितले आहेत. लुंग ह्यांच्यापाशीं वेषांतराचा डौल नाहीं, बोलणेंही मोजकें. 'वेडिंग बँक्वेट'च्या शेवटीं विमानतळावर झडतीसाठीं तो सेनाधिकारी दोन्ही हात वर करतो. कृति नित्याची, परंतु जन्मभर हुकूम सोडणारा बाप येथें शरण आला, हें प्रेक्षकास न सांगतां कळतें. सात्त्विक अभिनय तो हाच.

अँग ली ह्यांचे वडील शाळेचे मुख्याध्यापक होते, आणि मुलानें चित्रपटांकडे वळावें हें त्यांस रुचलें नव्हतें. हें वाचून मी वरमलों. आमच्या धाकट्या चिरंजीवांनीं कायद्याचा अभ्यास सोडून चित्रकला धरली, तेव्हां मी त्यांच्याशीं दोन वर्षें धड बोललों नाहीं. वर्गांतला आवाज मीं घरींही तसाच ठेवला होता.

लुंग २००२ सालीं तैपेई येथें वारले. येत्या रविवारीं चिरंजीव जेवावयास येणार आहेत. त्यांच्या चित्रांची वही ह्या खेपेस मीच मागून घेणार आहें.