विनोदाला मांडव कोण देणार?

पु. ल. देशपांडे 'आपले' होते, हे सांगण्याची आमच्या मंडळींस मोठी हौस. त्यांचे आजोळ कारवारकडचे; आजोबा वामन मंगेश दुभाषी तथा 'ऋग्वेदी' यांनी आपल्या सणांचा इतिहास लिहिला, रवींद्रनाथांची 'गीतांजली' अभंगांत आणली. देवळाच्या स्मरणिकेत हा अभिमान छापावयाचा, आणि घरचा मुलगा 'मी टेलिव्हिजनसाठी विनोद लिहीन' म्हणाला की सुतक धरावयाचे! कुंभारवाड्यासारख्या रानातल्या गावी तर असा मुलगा वाया गेला असेच समजतात. हा दुटप्पी व्यवहार आम्हांस मान्य नाही.

पु. लं.ची उमेदवारी पाहा. शाळेत शिक्षकी, बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात अध्यापन, जोडीला पेटी, चाली आणि चित्रपटांतील कामे. १९४८ साली 'तुका म्हणे आता' हे नाटक. मग गोगोलवरून 'अंमलदार'. १९५३ च्या 'गुळाचा गणपती'त कथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका, सारे एकट्याचे. १९५५ मध्ये आकाशवाणी, १९५७ मध्ये 'तुझे आहे तुजपाशी'. दिल्लीस १९५९ साली दूरचित्रवाणी सुरू झाली, तिच्या आरंभीच्या मंडळींत ते होते, बी.बी.सी.कडे शिक्षणासाठीही गेले. तेव्हा ते चाळिशीच्या उंबरठ्यावर होते. दूरचित्रवाणीने त्यांना घडविले नाही. लोकांसमोर वर्षानुवर्षे घासून निघालेला माणूस तिला आयता मिळाला.

आजच्या मुलाने हे घासणे कोठे करावे? जत्रेच्या रात्री गावची मंडळी जेथे नाटक करीत, तेथे आता बहुतेक ठिकाणी भाड्याचा ऑर्केस्ट्रा उभा असतो. एका देवस्थानच्या बैठकीत पोरांच्या प्रहसनासाठी आम्ही अर्धा तास मागितला. उत्तर मिळाले, 'देवासमोर थट्टा नको.' मग दशावतारातला संकासूर इतकी वर्षे कोणाच्या अंगणात हसवीत आला? कीर्तनकार बुवा उत्तररंगात श्रोत्यांना पोट धरून हसवितात, तेव्हा देव का उठून जातो?

हीच मंडळी घरी बसून तक्रार करतात, की दूरचित्रवाणीवरचा विनोद आचरट झाला. तक्रार अगदीच खोटी नाही. (पुरुषांनी लुगडे नेसण्यास आमचा आक्षेप नाही, बालगंधर्वांच्या मुलखात तो कोण घेईल? लुगडे नेसले की विनोद झाला, या समजुतीस मात्र आहे.) परंतु आपले वाक्य भर सभेत पडलेले ज्याने स्वतःच्या कानांनी कधी ऐकलेच नाही, त्या लेखकाकडून दर आठवड्यास दुसरे काय येणार? ते वाक्य पडावयास मांडव लागतो, आणि मांडवाच्या किल्ल्या आमच्या समित्यांच्या कनवटीस आहेत.

येत्या जत्रेच्या खर्चाचा अंदाज बैठकीपुढे येईल, तेव्हा सभासदांनी एवढेच विचारावे: गावच्या नव्या लेखकाच्या नावे एक रात्र कोठे मांडली आहे? भाषा कोंकणी असो वा मराठी. ध्वनिक्षेपक आहेच, ऑर्केस्ट्राच्या विसारातून पडदाही येईल.