तडजोडीवर सही कोणाची?

वाटणीच्या दाव्यात कुणाचा किती हिस्सा हे प्राथमिक हुकूमनाम्याने ठरते. प्रत्यक्ष तुकडे पडून ताबा मिळण्यासाठी अंतिम हुकूमनामा लागतो. या दोहोंमध्ये माणसांची उमर सरते. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर पक्षकारांच्या अर्जाची वाट न पाहता कनिष्ठ न्यायालयांनी स्वतःहून पुढची कार्यवाही हाती घ्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाला २०२२ मध्ये केरळमधील एका प्रकरणात बजावावे लागले. अशा स्थितीत न्यायालयाच्या मान्यतेने झालेली तडजोड हाच शहाणपणाचा मार्ग, असे माझेही मत आहे. मात्र ती कोणाकोणात आणि कोणत्या अटींवर झाली, हे पाहिल्याशिवाय तिचे कौतुक करायला मी तयार नाही.

ओडिशातील एका कुटुंबाचे उदाहरण बोलके आहे. वडिलांच्या मालमत्तेच्या वाटणीसाठी एका मुलीने १९८० मध्ये दावा लावला. पुढे भाऊ व दुसरी बहीण यांनी आपसात समझोता केला; त्यावर दावा लावणाऱ्या बहिणीची सहीच नव्हती. सर्व हिस्सेदारांच्या सह्या नसलेला असा समझोता वैध नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला तो २०२३ मध्ये.

वास्तविक कायदा स्पष्ट आहे. तडजोड कायदेशीर असल्याबद्दल न्यायालयाची खात्री पटली पाहिजे, असे दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३, नियम ३ सांगतो. ती लेखी व पक्षकारांच्या सहीची असावी, ही अट १९७६ च्या दुरुस्तीने आली. त्याच संहितेनुसार संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही आणि तडजोड बेकायदा होती म्हणून नवा दावाही लावता येत नाही. फसवणुकीची तक्रार घेऊन पुन्हा त्याच न्यायालयाचा उंबरठा झिजवावा लागतो. परतीची वाट एवढी अरुंद असेल, तर तपासणी प्रवेशद्वारावरच कसोशीने व्हायला हवी.

ही तपासणी मुलींच्या बाबतीत अधिकच महत्त्वाची आहे. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील २००५ च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतः हक्क दिला. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावरील संदिग्धता दूर केली. तोंडी वाटणीच्या सबबीवर हा हक्क डावलला जाऊ नये, म्हणून या कायद्याने नोंदणीकृत दस्त किंवा न्यायालयाचा हुकूमनामा यांनाच वाटणीचा पुरावा म्हणून महत्त्व दिले. परिणामी, ज्याला मुलीचा वाटा मिटवायचा आहे त्याच्या दृष्टीने तडजोडीचा हुकूमनामा हेच सर्वांत भक्कम साधन ठरते. राजस्थानात ‘हक त्याग’ म्हणून ओळखली जाणारी प्रथा देशभर निरनिराळ्या नावांनी आढळते. माहेर तुटू नये म्हणून बहीण सही करते. कागदावर मात्र ‘स्वखुशीने’ असे लिहिले जाते.

अज्ञान वारसाच्या वतीने तडजोड करायची तर न्यायालयाची परवानगी लागते. सज्ञान स्त्रीला असे संरक्षण द्यावे, असे माझे म्हणणे नाही. तिचे म्हणणे थेट ऐकावे, एवढेच आहे. न्यायाधीशांनी प्रत्येक हिस्सेदाराशी त्याच्या भाषेत स्वतंत्रपणे बोलावे. कुणी हिस्सा सोडत असेल, तर त्याची अंदाजे किंमत आणि बदल्यात काय मिळाले, याची नोंद करावी. तडजोडीला मोजणीचा नकाशा जोडावा, म्हणजे तिची अंमलबजावणी नव्या भांडणाविना होईल आणि महसुली दप्तरातील नावेही वेळेवर बदलतील.

यात वेळ जाईल, असा आक्षेप येईल. प्रलंबित दाव्यांच्या ओझ्याखाली दबलेल्या न्यायालयांना निकालांची संख्या दाखवावी लागते, लोकअदालतींवर तर तो दबाव अधिकच, हे मला मान्य आहे. पण तडजोड नोंदवताना वाचवलेला अर्धा तास पुढे किती महाग पडू शकतो, हे ओडिशातील त्या कुटुंबाला विचारावे. निकाली निघालेल्या दाव्यांच्या आकड्याहून, तडजोडीनंतर पुन्हा न्यायालयाची पायरी न चढलेली कुटुंबे किती, हाच यशाचा खरा निकष असला पाहिजे.