जो सगळ्यांत सावकाश, त्याच्या वेगाने

नॉर्वेची सहल ठरली की घरात दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, मोठ्या बोटीच्या डेकवर उभं राहून, कॉफी पीत पीत फियॉर्ड बघू. दुसरा पक्ष बहुधा वयाने लहान असतो. तो मोबाइलवर लाल-पिवळ्या चिंचोळ्या होड्यांचा व्हिडिओ पुढे करतो आणि म्हणतो, ‘हे करायचं.’ तुमच्या घरी हा दुसरा पक्ष जिंकला असेल, तर आजचा लेख तुमच्यासाठी आहे. आमच्या घरी तो जिंकला होता. माझी सोळा वर्षांची लेक आणि मी, दोघींची मिळून एक कयाक आणि पूर्ण एक दिवस.

जागा होती नॅरॉयफियॉर्ड. नॉर्वेच्या पश्चिम किनाऱ्यावर सोग्नेफियॉर्ड नावाचा समुद्राचा एक फाटा दोनशे किलोमीटरहून जास्त आत शिरलेला आहे. त्याला आउरलांडफियॉर्ड हा फाटा फुटतो आणि त्याला पुन्हा हा नॅरॉयफियॉर्ड. लांबी सतराएक किलोमीटर, आणि सगळ्यांत अरुंद जागी रुंदी फक्त २५० मीटर. हिमनद्यांनी डोंगर खरवडून दरी केली, बर्फ मागे हटला आणि दरीत समुद्र शिरला, ही याची जन्मकथा. दोन्ही बाजूंना कातळ थेट पाण्यातून वर जातात. २००५ साली युनेस्कोने हा आणि गाइरांगरफियॉर्ड असे दोन्ही जागतिक वारसा यादीत घेतले.

डेकवरून हे सगळं दिसतं. पण कयाकमध्ये तुम्ही पाण्याच्या जवळजवळ पातळीवर बसलेले असता. धबधबा दिसायच्या आधी ऐकू येतो. कातळाला हात लावता येतो. पंधरा-वीस हातांवर एखादा सील डोकं वर काढून तुमच्याकडे बघतो आणि कंटाळून निघून जातो.

आता कामाचं बोलू. अशा सहली एका गाइडमागे सहा-आठ जणांच्या असतात. पूर्वानुभव लागत नाही, असं बहुतेक ठिकाणी लिहिलेलं असतं आणि ते खरंही आहे. समुद्री कयाक लांब आणि स्थिर असते. पुढच्या-मागच्या टोकांना हवाबंद कप्पे असतात, त्यामुळे ती उलटली तरी बुडत नाही. कमरेभोवती स्प्रे स्कर्ट नावाचा घेरदार पडदा बांधून तो होडीच्या तोंडाला अडकवतात, म्हणजे पाणी आत येत नाही. स्कर्टच्या पुढच्या बाजूला एक पट्टा असतो आणि तो नेहमी बाहेर राहिला पाहिजे. होडी उलटली तर तो ओढायचा आणि बाहेर निघायचं. आमच्या गाइडने, तिशीच्या आतल्या एका मुलीने, प्रत्येकाचा पट्टा स्वतःच्या डोळ्यांनी तपासला, आणि दहा मिनिटांनी पुन्हा तपासला.

इतकी काळजी कशाला, असं वाटलं तर पाण्यात बोट बुडवून बघा. वरच्या डोंगरांवरचा बर्फ वितळून ओढ्यांनी इथेच येतो. थंड पाण्याच्या बाबतीत शिकवलं जाणारं एक साधं गणित आहे : एक, दहा, एक. पडल्यावर पहिलं एक मिनिट श्वास ताब्यात नसतो, माणूस धापा टाकतो. मग साधारण दहा मिनिटं हात-पाय कामाचे राहतात. आणि साधारण एका तासाने शरीराचं तापमान इतकं उतरतं की शुद्ध जाऊ शकते. लाइफ जॅकेट हवं ते त्या पहिल्या मिनिटासाठी. उत्तम पोहणाऱ्यालासुद्धा. ‘मी कोकणात समुद्रात पोहलोय’ हे वाक्य इथे उपयोगाचं नाही.

ड्राय सूट दिला तर तो आत पाणी येऊ देत नाही, पण घालायला-काढायला पाच-दहा मिनिटं लागतात. म्हणून बायकांनो, लाज बाजूला ठेवा आणि सूट चढवण्याआधी टॉयलेटला जाऊन या. पाळीचे दिवस असतील तर पुढचा थांबा किती वेळाने आहे, हे गाइडला सरळ विचारा. तिला या प्रश्नाची सवय असते.

आणि आता माझी चूक. निघण्याआधी गाइडने प्रत्येकाला बाजूला घेऊन चार प्रश्न विचारले. पोहता येतं का, औषधं कोणती चालू आहेत, पाण्याची भीती वाटते का, खांदा-पाठ-मनगट दुखतं का. माझा उजवा खांदा दोन वर्षांपूर्वी आखडला होता. फिजिओथेरपी झाली, बराही झाला होता, पण पूर्ण नव्हे. मी हसून ‘नो प्रॉब्लेम’ म्हटलं. गटात एक जर्मन जोडपं होतं, दोघंही सत्तरीच्या पुढचे. त्यांच्यासमोर मी पन्नाशीतली बाई खांद्याचं रडगाणं कुठे गाणार? शिवाय लेक बघत होती. आपल्याकडे ‘चालतंय की’ म्हणून वेळ मारून नेण्याची जी सवय आहे, तीच.

पहिले दीड तास खरंच चाललं. गुडवांगेनहून निघालो, बाक्काचं पांढरं चर्च मागे पडलं. जोर दंडातून नाही, कमरेतून लावायचा, पायांनी आतल्या खुंट्यांवर रेटा द्यायचा, वल्हं मुठीत आवळायचं नाही, हे गाइड पुन्हा पुन्हा सांगत होती. दमल्यावर मी नेमकं उलट करायला लागले. तेवढ्यात वारा सुटला. उन्हाच्या दिवशी डोंगरउतार तापतात आणि दुपारकडे समुद्राच्या बाजूने वारा आत वाहू लागतो. आमच्या थेट तोंडावर. एक बोट लांबून गेली, तिच्या लाटा आल्या आणि कातळावर आपटून परतही आल्या. गाइडने नाकं लाटांकडे वळवायला सांगितली. मी वल्हं उचललं आणि खांद्यातून अशी कळ गेली की डोळ्यांत पाणी आलं. पुढे बसलेली लेक एकटीच वल्हवत होती. आमची कयाक आडवी व्हायला लागली.

आणि इथे उतरायला जागा नसते, हे तेव्हा मला खऱ्या अर्थाने कळलं. रस्त्यावर थकलात तर कडेला थांबता. इथे कडेला उभा कातळ होता, आणि त्याच्याखाली रेंगाळणंही बरं नाही, कारण वरून दगड सुटतात.

गाइड शांतपणे आली, आमच्या कयाकला दोर लावला, बाकीच्यांना जवळ बोलावलं. एक शब्द रागाचा नाही. फक्त विचारलं, ‘हे आधीचं दुखणं आहे ना?’ मी मान हलवली. मग तिने ठरवलेला बेत बदलला. आम्ही जाणार होतो स्टिवीला. हे फियॉर्डकाठचं जुनं शेतघर, मोटाररस्ता नसलेलं. ऑस्लो आणि बेर्गन यांच्यामधला जुना टपालरस्ता तिथून जातो, त्याचा एक तुकडा आजही चालता येतो. त्याऐवजी जवळच्या एका दगडी किनाऱ्यावर उतरलो, सूप प्यायलो आणि मागे फिरलो. परतताना वारा पाठीशी होता, त्यामुळे निभावलं. जर्मन आजी म्हणाल्या, त्यांनी गुडघ्याचं आधीच सांगून ठेवलं होतं आणि गाइडने त्यांना पाय लांब करता येतील अशी बैठक करून दिली होती. मला काय करून दिलं असतं? वेग कमी, छोटा पल्ला, मला पुढे आणि लेकीला मागे. एवढंच.

संध्याकाळी लेक म्हणाली, ‘आई, माझा दात दुखत असता आणि मी लपवलं असतं, तर तू काय बोलली असतीस?’ मी काही बोलले नाही. काय बोलणार?

म्हणून बुकिंग करताना तीन गोष्टी बघा. एका गाइडमागे माणसं किती आणि हवा बिघडली तर बेत कोण बदलतो, हे आधी विचारा. ‘काहीही होवो, जाणारच’ म्हणणाऱ्यापेक्षा ‘बघू, हवा ठरवेल’ म्हणणारा बरा. तुमच्या जुन्या दुखण्यांची यादी इंग्रजीत लिहून सोबत ठेवा, म्हणजे आयत्या वेळी शब्द सापडत नाहीत हे निमित्त राहत नाही. आणि त्याआधी गोव्याच्या बॅकवॉटरमध्ये दोन तास वल्हवून बघा. खांदा काय म्हणतो, ते तिथे कोमट पाण्यात कळू दे. शाकाहारी असाल तर आधी कळवा. खाऊ न्यायचा तर चिवडा, भाजलेले शेंगदाणे न्या. पेढे, तूप, चीज मात्र घरीच ठेवा, भारतातून दुधाचे पदार्थ नॉर्वेत नेता येत नाहीत.

दुसऱ्या दिवशी आम्ही पहिल्या पक्षाच्या मताने वागलो. फ्लोम ते गुडवांगेन या मार्गावर २०१८पासून पूर्ण विजेवर चालणारी बोट आहे, इंजिनाची घरघर नसलेली. कॉफी घेऊन डेकवर उभ्या राहिलो. स्टिवी आलं, दोन-चार लाकडी घरं आणि हिरव्या गवताचा तुकडा. खाली कातळालगत सहा कयाक ओळीने चालल्या होत्या, आणि सगळ्यांत मागे पडलेल्या कयाकसाठी पुढच्या पाच थांबल्या होत्या.

‘बघ,’ लेक म्हणाली, ‘त्यांच्यातही कुणीतरी तू आहेस.’