शाहिरांची बाडं रद्दीत जाऊ देऊ नका

आपल्या कितीतरी घरांत माळ्यावर, ट्रंकेच्या तळाशी, देवघराखालच्या पेटीत अजून जुन्या चोपड्या पडून आहेत. आजोबा शाहीर होते, पणजोबा गोंधळ घालायचे, कुणी मामा कलापथकात झील धरायचे, त्यांची ही बाडं. घर रंगवायला काढलं की ती खाली येतात आणि जुन्या वर्तमानपत्रांबरोबर रद्दीवाल्याच्या काट्यावर चढतात. हात जोडून एवढंच सांगणं आहे, त्या काट्याआधी थांबा आणि चोपडी उघडून बघा.

आज ज्या पोवाड्यांचा आपण अभिमान सांगतो, ते कागदावर आले कसे? अफझलखान 1659 मध्ये मारला गेला. त्यावरचा अज्ञानदासाचा पोवाडा हा शिवकाळातला आपल्याला ठाऊक असलेला सर्वांत जुना पोवाडा. तो आणि त्याच्यासारखे कितीतरी पोवाडे छापखाना येईपर्यंत गोंधळ्यांनी तोंडपाठ राखले. 1891 मध्ये हॅरी अ‍ॅकवर्थ आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी असे पोवाडे मिळवून, उतरवून छापले. अ‍ॅकवर्थ मुंबईचे म्युनिसिपल कमिशनर होते. सरकारी कामाच्या रगाड्यात त्यांना गोंधळ्यांचं गाणं ऐकायला सवड झाली. पुढे य. न. केळकरांनी ‘ऐतिहासिक पोवाडे’ या संग्रहासाठी आयुष्याची कितीतरी वर्षं घातली. त्याचा पहिला भाग 1928 चा. या मंडळींच्या हाती लागलं तेवढं वाचलं. ज्या घराण्यात पुढचा मुलगा गायला बसला नाही, तिथलं गाणं त्याच्या बापाबरोबर गेलं.

पोवाडा हाती आला की आपण पहिल्यांदा विचारतो, हे खरं घडलं का? तुळशीदासाचा सिंहगडाचा पोवाडा घ्या. त्यात जिजाऊ शिवरायांना बोलावून घेतात, सोंगट्यांचा डाव मांडतात, जिंकतात आणि जिंकलेल्या डावाचं मागणं म्हणून कोंढाणा मागतात. तानाजी रायबाच्या लग्नाच्या गडबडीतून उठून येतो. घोरपड आहे, ऐंशी वर्षांचा शेलारमामा आहे, उदेभानाचं वर्णन तर एखाद्या राक्षसाला शोभावं असं. कागदपत्रं लावून बसणारा अभ्यासक यातलं बरंच बाजूला ठेवील आणि ते योग्यच आहे. पण तेवढ्यावर पोवाडा खोटा म्हणून मिटू नका. सोंगट्यांचा डाव गाणाऱ्याने का मांडला, हे विचारा. मुलगा राजा झाला तरी आईचा शब्द त्याच्यावर चालतो, आणि ती कोंढाणा हुकूम देऊन नाही, डाव जिंकून हक्काने मागते. समोर बसलेल्या आयाबायांना हे किती आपलं वाटलं असेल! लग्न टाकून निघणारा बाप हीही त्याच लोकांना पटणारी गोष्ट, कारण घरातलं कार्य म्हणजे काय ते त्यांना पुरतं ठाऊक होतं. लढाई कोणत्या तारखेला झाली ते दप्तरात सापडेल. ती लोकांच्या मनात कशी राहिली ते पोवाड्यात सापडतं, आणि दप्तर ते कधीच सांगणार नाही.

एकाच माणसावरचे दोन पोवाडे शेजारी ठेवले की हे आणखी उघड होतं. महात्मा फुल्यांनी 1869 मध्ये शिवाजी महाराजांवर पोवाडा रचला. तो कुणबी, माळी, महार, मांग यांच्या उपयोगी पडावा असं त्यांनी स्वतः लिहून ठेवलं आहे. त्यांचा शिवाजी हा शेतकऱ्यांचा राजा. अज्ञानदासाचा शिवाजी भवानीच्या कृपेचा, गोंधळात गाण्याचा. नाव एकच, ऐकणारे बदलले. पुढे अण्णा भाऊ साठ्यांनी त्याच डफावर मुंबईच्या कामगारांपुढे स्टालिनग्राडची लढाई गायली. अमर शेख, आत्माराम पाटील, शाहीर साबळे यांनी संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत मैदानं भरवली. भीमराव कर्डकांसारख्यांचे आंबेडकरी जलसे वस्त्यावस्त्यांत गेले. या शेवटच्या पिढीची कितीतरी बाडं अजून छापलेली नाहीत, घरातच आहेत. माझ्या मते सगळ्यांत मोठा धोका त्यांनाच आहे, कारण शिवकाळातलं काही सापडलं तर निदान कुणी धावत येतं. पण 1956 च्या वहीला अजून कुणी जुनं म्हणत नाही.

अशी एखादी चोपडी कशी दिसते? पानं कोपऱ्यांशी मऊ पडलेली, अंगठ्याच्या जागी काळपट. अक्षर बोलीतलं, ऱ्हस्वदीर्घाची पर्वा नसलेलं. ध्रुपदाचे पहिले दोन शब्द लिहून पुढे नुसती रेघ, कारण झीलकऱ्यांना ते पाठच. मध्येच एखादा चौक खोडून बाजूला दुसरा लिहिलेला, म्हणजे दुसऱ्या गावात वेगळं गायलं गेलं. शेवटच्या चौकात शाहिराचं, गुरूचं आणि गावाचं नाव. मागच्या कोऱ्या पानांवर कुणाकडे कार्यक्रम, किती बिदागी ठरली, किती आली, याचा हिशेब. हा हिशेब पोवाड्याइतकाच मोलाचा आहे. गाणारा कुठवर फिरायचा, त्याला कोण बोलवायचं, हे त्यातूनच कळतं. तेव्हा ‘कामाची पानं’ फाडून बाकीची टाकू नका.

आणि सुधारू नका. अज्ञानदासाच्या पोवाड्यात अफझलखान ‘अबदुलखान’ म्हणून येतो. उतरवून घेणाऱ्यांनी तो तसाच राहू दिला, म्हणून लोकांच्या जिभेवर तो कसा होता ते आज आपल्याला कळतं. तुमच्या आजोबांचं शुद्धलेखनही तसंच राहू द्या.

चोपडी मिळाली तर खिडकीजवळ, दिवसाच्या उजेडात, फ्लॅश न लावता एकेक पान मोबाइलवर टिपा. मुखपृष्ठापासून मलपृष्ठापर्यंत, कोरी पानंसुद्धा. फाटलेल्या पानाला सेलोटेप लावू नका, त्याच्या डिंकाने कागद काही वर्षांत पिवळा पडून तुकडे होतात. लॅमिनेशन तर मुळीच नको. सुती कापडात गुंडाळून कोरड्या जागी ठेवलं तरी पुष्कळ.

गाणारं माणूस हयात असेल तर आधी त्याच्याकडे जा, वही थांबेल. परवानगी घेऊन रेकॉर्डिंग सुरू करा आणि पहिल्यांदा त्यांचं नाव, गाव, तारीख त्यांच्याच तोंडून येऊ द्या. फोन डफापासून लांब, गळ्याजवळ ठेवा. चौक चुकला, खोकला आला, तरी टोकू नका. गाणं संपल्यावर विचारा: कुणाकडून शिकलात, कुठे गात होता, आता कोणता भाग गाळता आणि का. हेमा राईरकर आणि गी प्वातव्हँ यांनी जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या, तेव्हा ओवीबरोबर गाणारीचं नाव आणि गावही राखलं. म्हणून तो नुसता गाण्यांचा ढीग झाला नाही. काही गाणी फक्त देवापुढेच गायची असतात. ती रेकॉर्ड करू नका म्हणाले, तर करू नका.

एक प्रत त्यांच्या घरी, एक तुमच्याकडे, आणि घरच्यांची संमती असेल तर एक पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळाकडे, धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळाकडे किंवा जवळच्या विद्यापीठाच्या मराठी विभागाकडे द्या. मूळ चोपडी मात्र घरच्यांच्या मनाविरुद्ध उचलू नका.

येत्या लग्नसराईत तुमच्याकडे गोंधळ असेल तर गोंधळ्यांना दोन तास लवकर बोलवा. जेवू घाला, निवांत बसवा, आणि रात्री वेळेअभावी जे गाळावं लागतं ते आत्ता गाल का, असं विचारा. त्या गाण्याची बिदागी वेगळी द्या.