समुद्रावरचे उपग्रह आणि जामखेडची पेरणी: मान्सूनच्या अंदाजावर किती विसंबायचं?

दरवर्षी एप्रिलमध्ये भारतीय हवामान विभाग मान्सूनचा पहिला दीर्घकालीन अंदाज जाहीर करतो. 'यंदा सरासरीच्या इतके टक्के पाऊस' ही बातमी काही मिनिटांत गावोगावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर पोहोचते. सोबत एल निनो, ला निना, इंडियन ओशन डायपोल असे शब्दही येतात.

अहिल्यानगर जिल्ह्यातलं जामखेड अरबी समुद्रापासून सरळ रेषेत सुमारे अडीचशे किलोमीटर आत आहे. मधे सह्याद्री आहे. तरी इथल्या उडीद, तूर, सोयाबीनच्या पेरणीची चर्चा प्रशांत महासागराच्या तापमानापर्यंत जाते. असं का? समुद्राचं हे तापमान मोजतं कोण? आणि त्यावरून आलेला आकडा बघून बियाण्याची पिशवी फोडावी का?

जामखेडचा आणि समुद्राचा संबंध काय?

मान्सूनचे वारे हिंद महासागर आणि अरबी समुद्रावरून बाष्प घेऊन येतात. त्यातलं बरंचसं सह्याद्रीच्या पश्चिम उतारावर आणि घाटमाथ्यावर रितं होतं. पलीकडे राहतो तो पर्जन्यछायेचा प्रदेश. जामखेड त्यात मोडतं.

त्यामुळे इथे जूनच्या पावसाइतकाच, किंबहुना जास्त, आधार सप्टेंबरच्या पावसाचा असतो. बंगालच्या उपसागरात कमी दाबाचे पट्टे तयार होऊन पश्चिमेकडे सरकले, की हा पाऊस मिळतो. म्हणजे जामखेडच्या पाण्याचा हिशेब दोन समुद्रांशी जोडलेला आहे. एकीकडे अरबी समुद्र, दुसरीकडे बंगालचा उपसागर.

उपग्रह समुद्रात नेमकं काय पाहतात?

अथांग समुद्रात जागोजागी तापमापक लावणं शक्य नाही. उपग्रह ते काम वरून करतात. मुख्यतः चार गोष्टी मोजल्या जातात.

• तापमान: पाण्यातून बाहेर पडणाऱ्या अवरक्त किरणांवरून पृष्ठभागाचं तापमान कळतं. फेब्रुवारी २०२४ मध्ये सोडलेला 'इन्सॅट-३डीएस' सुमारे ३६ हजार किलोमीटर उंचीवरून भारत आणि आसपासच्या समुद्रावर सतत नजर ठेवतो.

• पाण्याची उंची: उपग्रह रडारची लहर खाली सोडतो आणि ती परत यायला किती वेळ लागला ते मोजतो. पाणी तापलं की प्रसरण पावतं, पातळी किंचित वाढते. म्हणून काही सेंटीमीटरच्या फरकावरून खाली किती उष्णता साठली आहे, याचा अंदाज बांधता येतो. भारत आणि फ्रान्सचा 'सरल' हा उपग्रह फेब्रुवारी २०१३ मध्ये याच कामासाठी सोडला गेला.

• वारा: वाऱ्यामुळे पाण्यावर बारीक तरंग उठतात. त्या खडबडीतपणावरून परतणाऱ्या रडार लहरी वाऱ्याचा वेग आणि दिशा सांगतात.

• रंग: पाण्यातल्या सूक्ष्म वनस्पतींच्या हरितद्रव्यामुळे समुद्राचा रंग बदलतो. तोही उपग्रहाला दिसतो.

इस्रोने २६ नोव्हेंबर २०२२ रोजी सोडलेल्या 'ओशनसॅट-३' उपग्रहावर रंग, तापमान आणि वारा या तिन्हींसाठी उपकरणं आहेत. या मालिकेतला पहिला 'ओशनसॅट' १९९९ मध्ये गेला होता.

या माहितीचा थेट फायदा मच्छीमारांना होतो. हैदराबादची 'इन्कॉइस' ही संस्था रंग आणि तापमान पाहून मासे कुठे सापडण्याची शक्यता आहे, याचा सल्ला देते. रत्नागिरीच्या मच्छीमाराला उत्तर मिळतं ते समुद्राचं, आणि त्याला जायचंही समुद्रातच असतं. जामखेडच्या शेतकऱ्याला मात्र समुद्र पाहून जमिनीचं उत्तर हवं असतं. खरी अडचण इथे सुरू होते.

दूरचा समुद्र तापला, तर इथे काय होतं?

विषुववृत्ताजवळ प्रशांत महासागराचा मध्य आणि पूर्व भाग नेहमीपेक्षा जास्त तापला, की त्याला एल निनो म्हणतात. त्याने वाऱ्यांचं चक्र बदलतं आणि भारतातला मान्सून कमजोर पडण्याची शक्यता वाढते. शक्यता वाढते, खात्री नव्हे.

१९९७ मध्ये अत्यंत तीव्र एल निनो होता, तरीही देशात सरासरीइतका पाऊस झाला. त्या वर्षी हिंद महासागराचा पश्चिम भाग तापलेला आणि पूर्वेकडचा, सुमात्राजवळचा भाग थंड होता. याला 'पॉझिटिव्ह इंडियन ओशन डायपोल' म्हणतात आणि ही स्थिती मान्सूनला हात देऊ शकते. उलट २०१५ मध्ये एल निनोच्या वर्षात देशात १४ टक्के तूट राहिली. पुढच्या उन्हाळ्यात लातूरला रेल्वेने पाणी न्यावं लागलं.

२०२३: अंदाज चुकला नाही, तरी दुष्काळ कसा?

एप्रिल २०२३ मध्ये हवामान विभागाने सरासरीच्या ९६ टक्के पावसाचा अंदाज दिला. त्यात पाच टक्के कमी-जास्त होऊ शकतं, हेही सांगितलं होतं. हंगामाअखेर देशात पाऊस झाला ९४ टक्के. कागदावर अंदाज बरोबर ठरला.

आता महिन्यांचे आकडे पाहा. देशात जूनमध्ये सरासरीच्या ९१ टक्के, जुलैमध्ये ११३ टक्के, ऑगस्टमध्ये ६४ टक्के आणि सप्टेंबरमध्ये पुन्हा ११३ टक्के. १९०१ पासूनच्या नोंदींत इतका कोरडा ऑगस्ट नव्हता.

उडीद हे साधारण ७० ते ७५ दिवसांचं पीक. जूनअखेर पेरलं, तर फुलं आणि शेंगा येतात ऑगस्टमध्ये. त्याच वेळी पाऊस गेला, तर सप्टेंबरच्या सरी त्या शेंगा भरून देत नाहीत. ऑक्टोबर २०२३ अखेर राज्य सरकारला ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर करावा लागला.

९४ हा आकडा खोटा नव्हता. तो चार महिन्यांचा आणि संपूर्ण देशाचा होता. पिकाला मात्र आठवड्याचा आणि शिवाराचा पाऊस लागतो.

२०२५: मग पूर कसा आला?

दोनच वर्षांनी चित्र उलटलं. २०२५ मध्ये प्रशांत महासागरात एल निनो नव्हता. एप्रिलमध्ये १०५ टक्क्यांचा अंदाज आला आणि प्रत्यक्षात देशात १०८ टक्के पाऊस झाला. इथेही दिशा बरोबर होती.

पण सप्टेंबरच्या उत्तरार्धात अहिल्यानगर, बीड, धाराशिव, सोलापूर भागात अतिवृष्टी झाली आणि सीना नदीला मोठा पूर आला. अहिल्यादेवी होळकरांचं जन्मगाव, जामखेड तालुक्यातलं चौंडी, याच सीनेकाठी आहे. 'सरासरीपेक्षा जास्त' या शब्दांत 'काढणीच्या तोंडावर शेतात पाणी' हा अर्थ एप्रिलमध्ये कुणाला दिसणार?

पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेतील संशोधकांसह एका गटाने २०१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, १९५० ते २०१५ या काळात मध्य भारताच्या पट्ट्यात व्यापक अतिवृष्टीच्या घटना तिपटीने वाढल्या. त्यामागे अरबी समुद्राकडून येणाऱ्या बाष्पाच्या अचानक लोंढ्यांचं कारण त्यांनी दिलं. एकूण पावसाचा आकडा बदलला नाही, तरी तो पडण्याची पद्धत बदलू शकते.

उपग्रहाला काय दिसत नाही?

अवरक्त किरणांनी दिसते ती पाण्याची अगदी वरची कातडी. ढग आले, की तेही दिसत नाही, आणि मान्सूनमध्ये अरबी समुद्र ढगांनीच झाकलेला असतो. सूक्ष्मलहरींची उपकरणं ढगांच्या आरपार पाहतात, पण त्यांचं चित्र बरंच जाडंभरडं असतं.

खोलवरची माहिती घ्यायला 'आर्गो' नावाची तरंगती यंत्रं आहेत. जगभरातल्या समुद्रांत अशी जवळपास चार हजार यंत्रं आहेत. ती दोन हजार मीटर खोल जातात, वर येतात आणि उपग्रहामार्फत नोंदी पाठवतात. हे सगळं एकत्र करून संगणकीय प्रारूपांत घातलं जातं आणि त्यातून हंगामाचा अंदाज निघतो.

ही प्रारूपं सुधारत आहेत. मे २०२५ मध्ये सहा किलोमीटरच्या चौकटींत अंदाज देणारी 'भारत फोरकास्ट सिस्टीम' सुरू झाली. मात्र ती पुढच्या काही दिवसांच्या हवामानासाठी आहे. एप्रिलमध्ये बसून ऑगस्टमधला खर्ड्याचा किंवा नान्नजचा पाऊस सांगणं हे तिचं काम नाही.

मग कोणता अंदाज कशासाठी वापरायचा?

• एप्रिल-मेचा हंगामी अंदाज: पिकांची निवड, कर्ज, चारा, टँकर आणि धरणातल्या पाण्याच्या नियोजनासाठी. हा शेतकऱ्यापेक्षा तहसील आणि जिल्हा प्रशासनाच्या जास्त उपयोगाचा.

• दर गुरुवारचा चार आठवड्यांचा अंदाज: पावसात खंड पडण्याची चिन्हं आहेत का, हे पाहण्यासाठी.

• मंगळवार आणि शुक्रवारचा कृषी हवामान सल्ला: फवारणी, खत, काढणी यासाठी.

• स्वतःच्या मंडळातला पाऊस: 'महावेध' प्रकल्पात महसूल मंडळनिहाय स्वयंचलित हवामान केंद्रं आहेत. ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस होऊन जमिनीत ओल गेल्याशिवाय पेरू नका, असं कृषी विभाग सांगतो. ती मोजणी इथेच होते.

यातली शेवटची पायरी सगळ्यात महत्त्वाची. २०२५ मध्ये मान्सून २६ मे रोजीच मुंबईत पोहोचला, पण मुंबईत मान्सून आला म्हणजे जामखेडच्या शिवारात वापसा आला, असं होत नाही. घाईने पेरलं आणि पुढे खंड पडला, तर बियाणं, खत, मजुरी हा सगळा खर्च दुसऱ्यांदा करावा लागतो. कोरडवाहू शेतकऱ्यासाठी दुबार पेरणी म्हणजे थेट नव्या कर्जाची पायरी.

उपग्रहांमुळे समुद्राची नाडी हाताला लागली आहे आणि एल निनोची चाहूल काही महिने आधी मिळते, हे मोठंच काम आहे. त्यामुळे प्रशासनाला तयारीसाठी वेळ मिळतो. तो वेळ चारा आणि पाण्याच्या नियोजनासाठी खरोखर वापरला गेला का, हा प्रश्न दर मे महिन्यात जिल्हा प्रशासनाला विचारायला हवा. पेरणीचा दिवस मात्र मंडळातल्या पर्जन्यमापकावर आणि ढेकळाखालच्या ओलीवरच ठरवावा लागेल.